गोव्यात लग्न, १५० पैकी ७० होकार

प्रश्न: डिसेंबरात दक्षिण गोव्यात मुलीचं लग्न आहे. आमंत्रणं १५० जणांना, होकार ७०. लॉन मोठं, ताटं १२० ठरलेली. आता काय करावं?

उत्तर: ताई, आधी करारातली ‘मिनिमम गॅरंटी’ (किमान किती ताटांचे पैसे द्यावेच लागतील तो आकडा) बघा. ताटं त्याखाली उतरत नाहीत, पण त्याच रकमेत हळदीचं जेवण बसवून मागा. पाहुण्यांसाठी धरलेल्या जादा खोल्या रद्द करायची मुदत मात्र चुकवू नका, नंतर भाडं भरावंच लागतं.

उत्तर: खुर्च्या ७५ च, मांडवाला लागून अर्धगोलात. मागचं लॉन पडद्यांनी तोडा. रिकाम्या रांगा फोटोत फार खुपतात.

उत्तर: होकारवाल्यांची तिकिटं झालीत का? रेल्वेचं आरक्षण ६० दिवस आधी उघडतं, डिसेंबरात कोकण रेल्वे भराभर भरते. तिकिटाविना होकार धरू नका. प्रवास न झेपणाऱ्या वडीलधाऱ्यांसाठी गावी स्वागत समारंभ ठेवाच.