मदत हवी आहे: वसुली अधिकाऱ्यावरच पोलिसात तक्रार, बँकेचा वकील पुरेल का?

नमस्कार. आम्ही कळव्याला राहतो. मिस्टर एका नागरी सहकारी बँकेत वसुली विभागात आहेत. बँकेचं आणि कर्जदाराचं नाव लिहीत नाही, कृपया विचारू नका.

वागळे इस्टेटमधला एक गाळा तारण होता. हप्ते थकले, खातं एनपीए (थकीत कर्ज) झालं. सरफेसीच्या (तारण मालमत्ता ताब्यात घेऊन वसुली करण्याचा कायदा) कलम १३(२) ची नोटीस गेली, ६० दिवस उलटले, मग कलम १४ खाली ताब्याचा आदेश आला. ताबा घेताना मंडळ अधिकारी, पोलीस बंदोबस्त, पंच, व्हिडिओ शूटिंग सगळं होतं. त्यामुळे त्या दिवसाबद्दल कोणाची तक्रार नाही.

तक्रार आहे त्याच्या आधीच्या भेटीची, आणि ती आली गाळ्याला सील लागल्यावर. कर्जदाराच्या पत्नीने अर्ज दिलाय की ह्यांनी घरी येऊन शिवीगाळ केली, धमकी दिली आणि हात धरला. मिस्टर म्हणतात, दारातच बोलणं झालं, नोटीसची प्रत दिली आणि निघालो. सोबतचे सहकारी खाली गाडीपाशी थांबले होते, म्हणजे साक्षीदार नाही.

बँकेत सगळे सांगतात, सरफेसीचं कलम ३२ आहे, सद्भावनेने केलेल्या कारवाईला संरक्षण आहे. पण हात धरणं ही काही सरफेसीखालची कारवाई नव्हे, मग ते कलम इथे कसं पुरणार? शिवाय बँकेने नेमलेले पॅनेलवरचे वकील बँकेचे. उद्या बँकेने त्याच कर्जदाराशी एकरकमी तडजोड केली तर बँकेचं काम संपेल, आरोपी म्हणून नाव ह्यांचंच राहील. अटकपूर्व जामिनासाठी आत्ताच जावं, की गुन्हा दाखल होतो का ते पाहावं?

कोर्टनाका: ताई, आधी पोलीस ठाण्यात विचारा, नुसता अर्ज आहे की एफआयआर झालाय. हात धरल्याचा आरोप भारतीय न्याय संहितेच्या कलम ७४ मध्ये बसवतील. ते दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे, शिक्षा १ ते ५ वर्षं. ३ वर्षांपासून ७ वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यात पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याच्या परवानगीने १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते, बीएनएसएस (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) कलम १७३(३). ती चालू असेल तर लेखी म्हणणं, नोटिसांच्या प्रती आणि भेटीचा अहवाल देऊन पोच घ्या. सोसायटीच्या लिफ्टचं फुटेज जप्त करा असंही लेखी मागा. वर किती मिनिटं होते ते त्यात दिसेल, आणि जुनं फुटेज पुसलं जातं.

जामिनाला थांबू नका. बीएनएसएस कलम ४८२ चा अटकपूर्व जामिनाचा अर्ज ठाणे सत्र न्यायालयात तयार ठेवा. एफआयआर झाला तर तो रद्द करायला उच्च न्यायालयात बीएनएसएस कलम ५२८. पोलिसांनी दाद दिली नाही म्हणून तक्रारदार मॅजिस्ट्रेटकडे गेले, तर सर्वोच्च न्यायालयाचा प्रियांका श्रीवास्तव (२०१५) निकाल दाखवा. तोही कर्जदाराने कर्ज देणाऱ्या वित्तसंस्थेच्या अधिकाऱ्यांवर केलेल्या तक्रारींचाच होता. अशा अर्जासोबत प्रतिज्ञापत्र हवं, हे त्यातूनच आलं.

घणसोलीकर: मी एका फायनान्स कंपनीच्या वसुलीत होतो. दारात जाऊन तमाशा करणारे आमच्यातही होते, म्हणून बाईंची तक्रार वाचल्याबरोबर खोटी म्हणणार नाही. पण तुमच्या मिस्टरांनी भेटीचा अहवाल त्याच दिवशी बँकेत दिला होता का? तक्रारीनंतर लिहिलेल्या अहवालाला कोणी विचारत नाही. आणि एकटं वर जाऊ देणारा तो साहेब कोण?

धागाकर्ती: अहवाल त्याच संध्याकाळी ईमेलने गेलाय, वेळ त्यावर आहे. फुटेजचं पत्र उद्या देतो. वकील वेगळा करायचं ठरवलंय, तोही ठाणे शहरातलाच. त्याची फी बँकेकडून कोणाला मिळालीये का? संचालक मंडळाचा ठराव लागतो असं ऐकलं. अर्ज कोणाच्या नावे करायचा?