मदत हवी आहे: मुदत कमी करावी की हप्ता?

नमस्कार मंडळी. भांडुपला वन बीएचके घेतोय. कर्ज 50 लाख, 20 वर्षं, व्याज 8.5 टक्के फ्लोटिंग (म्हणजे बदलता दर). हप्ता 43,391 रुपये. काल रात्री जेवणं आटोपल्यावर बायको आणि मी परतफेडीचा तक्ता उघडून बसलो. पहिल्याच हप्त्यातले 35,417 नुसते व्याजात, मुद्दल फिटतं जेमतेम 7,974! दर असाच राहिला तरी 50 लाखांचे 1 कोटी 4 लाख होतात. पोटात गोळाच आला. मुद्रांक शुल्क, नोंदणी वेगळीच.

फ्लोटिंगवर मुदतीआधी पैसे भरले तर दंड नसतो, तेवढं माहीत आहे. दिवाळीच्या बोनसमधले लाखभर दरवर्षी मुद्दलात भरायचा विचार आहे. मग हप्ता कमी करून घ्यावा की मुदत? मला मुदतच बरी वाटते, पण बायकोला हातात पैसा खेळता हवा, मुलीच्या शाळेची फी आहे. ज्यांनी असं केलंय त्यांची नेमकी किती वर्षं वाचली, कृपया सांगा.