मदत हवी आहे : शिक्षेच्या आदेशावर उपकुलसचिवांची सही, मागाहून परिषदेचा ठराव. हे चालतं का? (मंचावरची चर्चा; सेवापुस्तक, टिपणी_पान आणि परिनियम ही सदस्यांची टोपणनावं.)

सेवापुस्तक : महाराष्ट्रातलं सार्वजनिक विद्यापीठ, महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ लागू. कर्मचारी परीक्षा विभागात वरिष्ठ लिपिक. दोषारोपपत्र आणि शिक्षेचा आदेश (दोन वेतनवाढी कायमस्वरूपी रोखल्या) दोन्हींवर उपकुलसचिव, आस्थापना यांची सही, खाली 'कुलसचिवांकरिता'. हरकत घेतल्यावर व्यवस्थापन परिषदेने कार्योत्तर (म्हणजे आदेश निघून गेल्यावर मागाहून) मंजुरी दिली. आदेश हाती पडून १९ दिवस झालेत. पुढे काय करावं?

टिपणी_पान : नुसत्या 'करिता'वर भिस्त ठेवू नका. सही कोणाची यापेक्षा निर्णय कोणाचा, हा प्रश्न आहे. सहायक कुलसचिवाच्या खालच्या शिक्षकेतर कर्मचाऱ्यांचे शिस्तभंगविषयक प्राधिकारी कुलसचिव. त्यांनी नस्तीवर (फाईलवर) दोषारोपपत्राचा मसुदा आणि पुढे शिक्षा, दोन्ही तारखेसह मंजूर केलं असेल, तर उपकुलसचिवांनी फक्त कळवलं असं धरलं जाईल. नस्तीवर नुसतं 'चौकशी सुरू करावी' एवढंच असेल तर मुद्दा तुमचा. केंद्रीय सेवेतल्या गोपीनाथ प्रकरणात (२०१४, १ एससीसी ३५१; एससीसी म्हणजे सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांचा संग्रह) नेमकं हेच झालं होतं : कारवाईला मंजुरी होती, दोषारोपपत्राला नव्हती. मात्र तो निकाल तिथल्या नियमाच्या शब्दांवर उभा आहे, म्हणून आपल्या विद्यापीठाचे परिनियम (अधिनियमाखाली केलेले नियम) शेजारी ठेवूनच तो वाचा.

चौकशी अधिकारी बाहेरचा नेमला, ही हरकत मात्र घेऊ नका. साक्षीपुरावे नोंदवून अहवाल देण्याचं काम दुसऱ्याकडे देता येतं, हे १९५० च्या दशकापासून ठरलेलं आहे. दोष सिद्ध झाला का आणि शिक्षा किती, हे प्राधिकाऱ्यानेच ठरवायचं.

सेवापुस्तक : प्रशासन म्हणतं, अधिकार सोपवलेले आहेत.

टिपणी_पान : मग आदेश दाखवा म्हणावं. लेखी, कारवाईच्या आधीच्या तारखेचा, आणि त्यात शिस्तभंगाचा अधिकार स्पष्ट लिहिलेला. 'आस्थापनेचे दैनंदिन कामकाज' एवढ्या मोघम शब्दांत शिक्षा बसत नाही. शिवाय ज्याला सोपवले तो पुढे तिसऱ्याला सोपवू शकत नाही, तशी तरतूद असल्याखेरीज.

परिनियम : कार्योत्तर मंजुरीबद्दल सगळे मराठवाडा विद्यापीठाचा निकाल (१९८९, ३ एससीसी १३२) पुढे करतात. कुलगुरूंनी उपकुलसचिवांना बडतर्फ केलं, अधिकार कार्यकारी परिषदेचा होता, परिषदेने नंतर ठराव केला. न्यायालय म्हणालं, कायद्याने दिलेल्या अधिकाराचा अवैध वापर मागाहून वैध होत नाही. पण समोरचा वकील महाराष्ट्र राज्य खनिकर्म महामंडळाचा २००६ चा आणि सिलचरच्या एनआयटीचा २०१५ चा निकाल काढेल. तिथे सक्षम मंडळाची नंतरची मंजुरी चालली. उत्तर तयार ठेवा : त्या दोन्ही ठिकाणी मंजुरी देणारं मंडळ स्वतःच सक्षम होतं. तुमच्याकडे सक्षम कुलसचिव आहेत, परिषद नव्हे. ठराव करणाराच चुकीचा.

आणि खरी गोम पुढे आहे. कुलसचिवांच्या आदेशावर अपील कुलगुरूंकडे, ३० दिवसांत. परिषदेचे अध्यक्षही कुलगुरूच! ज्यांच्या अध्यक्षतेखाली आदेश कायम झाला, त्यांच्याचकडे अपील. ठरावाने आदेश सावरायच्या नादात प्रशासनाने अपिलाची वाट बुजवली. हा मुद्दा अपिलाच्या पहिल्याच परिच्छेदात घाला.

सेवापुस्तक : म्हणजे अपील करूच नये?

परिनियम : कराच. ११ दिवस हातात आहेत. न केल्यास न्यायालय आधी तेच विचारेल. आवक शिक्का आणि क्रमांक असलेली पोच घ्या.

टिपणी_पान : त्याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्ज : १० रुपयांचं कोर्ट फी तिकीट, विषय एकच, १५० शब्दांच्या आत. नस्तीचा *टिपणी भाग* (अधिकाऱ्यांचे शेरे आणि मंजुऱ्या असलेला) मागा. नुसतं 'प्रकरणाची कागदपत्रं' लिहिलंत तर पत्रव्यवहाराच्या झेरॉक्स येतात आणि नेमकं अधिकाऱ्यांच्या हिरव्या शाईतल्या शेऱ्यांचं पान राहून जातं. परिषदेचं इतिवृत्त हवं असेल तर अर्ज वेगळा.

अपेक्षा बेताची ठेवा. आदेश रद्द झाला तरी जिथे चूक झाली तिथून पुन्हा कारवाई करण्याची मुभा न्यायालय बहुधा देतं.