औषध लागलं, औषध घेतलं

नोंदवही, लातूर
दवाखान्यात केसपेपर वाचून निदानाचे कोड टाकायचं काम करतो. परवा एक पेपर आला. हकिगतीत दोनच शब्द, ‘औषध घेतले’. निदान, ‘विषबाधा’. आयसीडी-१० (आजारांच्या कोडची आंतरराष्ट्रीय यादी) मध्ये गोळ्या-औषधांची विषबाधा टी३६ ते टी५० मध्ये बसते आणि औषधी नसलेल्या पदार्थांची टी५१ ते टी६५ मध्ये. आता हे औषध बीपीचं समजू की कपाशीवरचं? आपल्याकडं ढेकणाचं औषध, उंदराचं औषध, तणाचं औषध, सगळं औषधच. लिहिताना कुठला शब्द धरावा?

रात्रपाळी, बीड
भाऊ, नामाकडं नका बघू, क्रियापदाकडं बघा. गोळ्या असल्या तर माणसं ‘गोळ्या खाल्ल्या’ म्हणतात. ‘औषध घेतलं’ हे आवाज खाली करून, इकडंतिकडं बघून सांगतात. म्हणजे फवारणीचं, आणि जाणूनबुजून. फवारताना झालं असेल तर ‘औषध लागलं’ किंवा ‘औषध चढलं’. तेव्हा कुणी आवाज दाबत नाही. सोबतचा माणूस दारातूनच ओरडत येतो. पेशंटचा सदरा पाठीवर ओला, पंपाच्या पट्ट्यांचे वळ, तोंडाला लाळ, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या. सदरा उतरवून अंग धुवायच्या आधी कुणी कागद लिहीत बसत नाही, हेही खरं. मग घाईत दोन्हीकडं ‘विषबाधा’ पडते आणि क्रियापद तिथंच गळतं.

तुम्हाला तर दोन कोड लागतात ना? शरीराला काय झालं त्याचा टी, कसं झालं त्याचा वेगळा. ऑरगॅनोफॉस्फेट आणि कार्बामेट कीटकनाशकं टी६०.०, तण-बुरशीनाशकं टी६०.३, उंदराचं टी६०.४. पण दुसरा कोड क्रियापदात आहे. लागलं, तर एक्स४८. घेतलं, तर एक्स६८.

खडू-फळा, परभणी
वर्तमानपत्रवाल्यांनी ही वाटणी कधीच करून ठेवलीय. ‘विषप्राशन’ म्हणजे स्वतः, ‘विषप्रयोग’ म्हणजे दुसऱ्यानं, ‘विषबाधा’ म्हणजे झाली, कुणी केली नाही. (भगर खाऊन झालेली बाधाही त्यातच ढकलतात. तुमच्याकडं जिवाणूंची असेल तर ती ए०५ मध्ये, पार वेगळ्या प्रकरणात.) ‘बाध्’ म्हणजे पीडा देणे. म्हणून वांगं बाधतं, भूत बाधतं, औषधही बाधतं. दोष नेहमी बाहेरच्याचा. हेतू ज्याला लिहायचा नाही त्याला हा शब्द फार सोयीचा.

आणि ‘औषध’ आलं ‘ओषधि’वरून, म्हणजे वनस्पती. आज तणाचं औषध मारून वनस्पतीच जाळतो आपण.

तुरीचं शेत, हिंगोली
तुमच्या दोन क्रियापदांत एक राहिलं, ‘पोटात गेलं’. हे दोन्हीकडं चालतं. घरची माणसं झाकायलाही म्हणतात आणि खरंही असतं. नोझल चोंदलं की पंप खाली ठेवून कोण सुई शोधतो? काढलं, तोंडानं फुंकलं, परत लावलं. मीही फुंकलंय, खोटं कशाला बोलू. चार थेंब गेलेच असतील.

शब्दाचा घोळ कागदावर राहत नाही, ताई. मुंडेसाहेबांच्या नावाची शेतकरी अपघात योजना आहे, मृत्यू झाला तर २ लाख. अपघातांच्या यादीत ‘जंतुनाशके हाताळताना’ झालेली विषबाधा बसते, आत्महत्या बसत नाही. आणि हे ‘जंतुनाशके’ कुणी काढलं? आमच्या घरी जंतुनाशक म्हणजे फिनाईल! दुकानात जाऊन कुणी जंतुनाशक मागत नाही, ‘मव्यावर औषध द्या’ म्हणतात. जुनी माणसं ‘दवा मारली’ म्हणायची, ते तर अजून वेगळं.

रात्रपाळी, बीड
‘पोटात गेलं’ पटलं. विचारूनही हेतू ठरला नाही तर वाय१८ आहे. पण न विचारता तो टाकणं म्हणजे आळस. हकिगत सांगणाऱ्याच्याच शब्दांत, अवतरणात लिहावी, असं आमच्याकडच्या नव्या पोरांना मी सांगते. ‘औषध लागलं’ला ‘विषारी द्रव्याचा संपर्क’ केलं की भाषा सुधारते आणि माहिती जाते.

नोंदवही, लातूर
वॉर्डात जाऊन आलो. पेशंट बरा आहे, भाऊ शेजारी बसलेला. तुम्ही काय सांगितलं होतं, विचारलं. ‘पोटात गेलं म्हणलो होतो की, नोझल फुंकताना.’ लिहिणाऱ्यानं त्याचं शुद्ध मराठीत ‘घेतले’ करून टाकलं होतं. डॉक्टरांना दाखवलं, त्यांनीही विचारलं, खाली ओळ वाढवून सही केली. एक्स४८.

कोणतं औषध, ते मात्र भावालाही सांगता येईना. ‘दुकानदारानं दोन मिसळून दिल्ते,’ एवढंच. बाटली बांधावर राहिली. म्हणून टी६०.९.