मदत हवी आहे: 'इन डार्कनेस'मधला काळोख प्रोजेक्टरवर कसा टिकवायचा?

नमस्कार मंडळी. योलांता दिलेव्स्का या पोलिश सिनेमॅटोग्राफर बाईंनी कॅमेरा सांभाळलेले दोन चित्रपट क्लबमध्ये लागोपाठ दाखवायचे आहेत. 2008 चा 'तुल्पान' कझाकस्तानच्या उघड्या माळावरचा, त्याची काळजी नाही. अडचण आहे ती दिग्दर्शिका आग्निएश्का होलांडच्या 2011 च्या 'इन डार्कनेस'ची. दुसऱ्या महायुद्धात ल्वूव शहराच्या (आता युक्रेनमध्ये) गटारांत लपलेल्या ज्यूंची ती गोष्ट. बॅटरीचा झोत सरकला की ओली वीट आणि अर्धा चेहरा तेवढाच दिसायला हवा. आमच्याकडे तिथे नुसता डांबरी ठिपका दिसतो.

प्लेअर काळ्यापासून पांढऱ्यापर्यंतची पूर्ण रेंज (0-255) पाठवतो आणि प्रोजेक्टर ती 'लिमिटेड' रेंज (16-235) समजतो, तेव्हा सावल्या अशाच गिळल्या जातात. दोन्हीकडे 'लिमिटेड' केलं, बराच फरक पडला. ब्राइटनेस वाढवून बघू नका हं, काळा राखाडी होतो आणि बाईंची सगळी मेहनत वाया जाते.

आता प्रश्न. पडदा 3 मीटर रुंद, 16:9, गेन 1 (म्हणजे पडदा स्वतः उजेड वाढवत किंवा घटवत नाही). थिएटरच्या 48 निट्सना (निट म्हणजे पडद्यावरच्या उजळपणाचं माप) हिशेबाने साधारण 760 ल्युमेन पुरतात, प्रोजेक्टर 3000 चा आहे, म्हणजे उजेड कमी करायला हवा. दिवा मंद करणारा इको मोड लावावा की लेन्सपुढे एनडी फिल्टर (रंग न बदलता उजेड कमी करणारी काच)? पूर्ण अंधाऱ्या खोलीत गॅमा (मधल्या छटा किती गडद दिसतील ते ठरवणारं सेटिंग) 2.4 ठेवला तर सबटायटल डोळ्यांत खुपतील का? कुणी केलं असेल तर कृपया सांगा.