सिगीचं चित्रण व्हावं का?

पाणंद: पश्चिम आफ्रिकेतल्या माली देशात, बांदियागारा कड्यावर, डोगोन लोकांचा सिगी हा विधी-सोहळा साठ वर्षांनी एकदा येतो. मागचा 1967 ला युगो गावात सुरू झाला आणि दरवर्षी पुढच्या गावांकडे सरकत 1973 पर्यंत चालला. फ्रेंच चित्रपटकार ज्याँ रूश आणि मानववंशशास्त्रज्ञ जर्मेन दिएतेरलाँ यांनी तो वर्षानुवर्षं चित्रित केला. आता पाळी 2027 ची. माझ्या मते याही वेळी चित्रण व्हायलाच हवं. 1967 ला विशीत नाचलेला माणूस आज असला तर ऐंशीच्या घरात असेल. त्यात 2012 पासून माली धुमसतोय, कित्येक डोगोन घरदार सोडून गेलेत. ही पाळी चुकली तर पुढच्या पिढीला दाखवणार कोण?

तांबडमाती: मला नाही पटत. सिगी पहिल्या पूर्वजाच्या मरणाची आठवण आहे. त्यासाठी सापाच्या रूपातला भलालांब महामुखवटा कोरतात, निवडक पुरुष 'सिगी सो' ही गुप्त भाषा शिकतात. यासिगीन म्हणून मान मिळालेल्या मोजक्या बायका सोडल्या तर बाकीच्यांना मुखवट्यांपासून लांब ठेवतात. आपल्याला रुचो न रुचो, घर त्यांचं, नियम त्यांचा. पडद्यावर आलं की तो संपला. आणि 1931 ला फ्रेंच मानववंशशास्त्रज्ञ मार्सेल ग्रियोलची मोहीम त्या देशात गेली तेव्हा गावांतून पूजेच्या वस्तू उचलल्या गेल्या. मोहिमेतल्याच मिशेल लेरिसने ते लिहून ठेवलंय. अशांच्या वारसांवर भरवसा ठेवायचा?

पाणंद: चोरी ती चोरीच, तिची बाजू मी घेणार नाही. पण 1956 ला ग्रियोल वारला तेव्हा सांगा गावच्या डोगोनांनीच त्याचे अंत्यविधी आपल्या रीतीने केले. ते नातंही खरं होतं.

ओढ्याकाठचा: माझी भीती वेगळी. एका गावचा सिगी फितीत उतरला की तोच अस्सल ठरतो. उद्या एखादा म्हातारा म्हणेल, आमच्यात असं नव्हतं, तर नातू त्याला मोबाइल दाखवेल.

पाणंद: हे मात्र लागलं. म्हणून कॅमेरा डोगोन पोरांच्याच हाती असावा, काय टिपायचं ते गावाने ठरवावं, फितीही तिथेच राहाव्यात.

तांबडमाती: आणि तिसऱ्या वर्षी एखाद्या गावाने कॅमेरा बंद करा म्हटलं तर? सात वर्षांचं काम अर्धवट राहील.

पाणंद: राहू दे.