स्नायपर प्रशिक्षण: नेमबाजी सोडून काय काय शिकवतात?

डिचोलीकर
एनसीसीत पॉइंट टू टू रायफलवर ग्रुपिंग (गोळ्या एकमेकींजवळ लागणं) बरं येतं. पुढे पायदळात जाऊन स्नायपर व्हायचं आहे. गोळी मारण्याव्यतिरिक्त काय शिकवतात, आणि त्यातलं इथे राहून, शस्त्राशिवाय काय गिरवता येईल? सड्यावर नजरेने अंतर सांगताना हमखास चुकतो.

फोंडा_रेंज
स्नायपर म्हणून थेट भरती नसते. आधी जवान म्हणून पलटणीत जायचं, तिथून निवड होते. लष्कराचं इन्फंट्री स्कूल महूला आहे.

आता अंतर. ऊन पाठीमागून असलं, हवा स्वच्छ असली किंवा मधे दरी-पाणी असलं, की वस्तू जवळ भासते. उजेड कमी असला किंवा आपण पालथे पडून बघत असलो, की लांब. म्हणून नजरेच्या अंदाजाला मापाची जोड हवीच. मिलच्या (मिल म्हणजे कोन मोजायचं बारीक एकक) खुणा असलेली ७×५० दर्यावर्दी दुर्बीण घ्या. वस्तूची उंची मीटरमध्ये, गुणिले १०००, भागिले मिल. २ मीटरचं दार ५ मिल दिसलं तर ४०० मीटर. तेच ४.५ वाचलंत तर ४४४, ५.५ वाचलंत तर ३६४! अर्ध्या मिलला एवढी किंमत आहे, म्हणून दशांशापर्यंत वाचायची सवय लावा. दुसरी चूक मापाची. जुन्या घरांची दारं एकसारखी नसतात. तेच दार २.२ मीटरचं निघालं तर अंतर ४४०. आधी टेपने मोजा, मगच सूत्र.

द्रागुनोव या रशियन स्नायपर रायफलच्या दुर्बिणीतली अंतराची वक्ररेषा १.७ मीटर उंचीच्या माणसावर बेतलेली आहे. वाकलेल्या माणसावर ती लावली, की तो आहे त्याहून लांब दाखवते.

सडा
वारा राहिला. नेमाच्या रेषेशी ४५ अंशांतून येणारा वारा बरेच जण 'अर्धा', म्हणजे पूर्ण आडव्या वाऱ्याच्या निम्म्या परिणामाचा, धरतात. तो जवळपास ०.७ असतो, अर्धा होतो ३० अंशांना. दुपारी जांभ्या दगडाच्या कातळावर हवा थरथरते, ती दुर्बिणीतून वाचायला शिका. फोकस लक्ष्याच्या किंचित अलीकडे आणा. लाटा डावीकडून उजवीकडे वाहत असतील तर वाराही तसाच. सरळ वर उकळत असतील तर वारा पडलेला आहे, नाहीतर तुमच्याच रेषेत समोरून किंवा मागून आहे.

काजूबन
माझ्या मते सगळ्यात आधी निरीक्षण. कापडावर १० बारीक वस्तू मांडायला सांगा, एक मिनिट बघा, झाका, दुसरं काही काम करा आणि तासाभराने लिहा: आकार, माप, रंग, अवस्था. नाव देण्याची घाई नको. 'काडतूस' लिहिलंत की बाकीचं बघणं थांबतं. 'पितळी नळी, सुमारे ४ सेंमी, एक तोंड उघडं, कड काळवंडलेली' असं लिहा.

मग लपत सरकणं. दुर्बीण घेतलेला मित्र समोर बसवा. माणूस बहुधा हालचालीनेच सापडतो: पाय झुडपाला लागतो आणि वाऱ्याविना एकच फांदी हलते. अंगावर गोणपाटाच्या पट्ट्या आणि त्या जागेचाच पाला लावा. तोडलेला पाला उन्हात लवकर मलूल होतो आणि पानांची फिकट पाठ वर आली की लांबूनही ठिपका दिसतो. जागा बदलली की पालाही बदला. जूनमधलं हिरवं एप्रिलच्या वाळक्या गवतात उठून दिसतं. जमीनमालकाला आधी विचारा, हातात बंदुकीसारखं काही नको.

डिचोलीकर
मोठी मदत झाली. खुणांची दुर्बीण मिळेपर्यंत काय करू?

फोंडा_रेंज
हात पूर्ण ताणून मिलिमीटरची पट्टी डोळ्यासमोर धरा. डोळा ते पट्टी अंतर मोजा. ते ६५ सेंमी असेल तर पट्टीवरचा १ मिमी म्हणजे सुमारे १.५ मिल. पट्टीला त्याच लांबीची दोरी बांधून टोक दातांत धरलंत, की हात मागेपुढे होऊन आकडा बदलत नाही.